लाल रुमालवाली आस्या आणि गावची तार



राज कपूरचा 'आवारा' तुमच्यातल्या थोरल्या बायांना नक्की आठवत असेल. मुंबईत तयार झालेला हा सिनेमा १९५५ च्या सुमारास तुर्कस्तानात लागला आणि तिथंही त्याची गाणी लोकांच्या ओठांवर बसली. भाषा कळत नव्हती, पण सूर कळले. आज आम्ही तुम्हाला त्याच तुर्कस्तानातल्या एका सिनेसंगीतकाराची ओळख करून देणार आहोत. त्यांचं नाव जाहित बेर्काय.

त्यांचा जन्म १९४६ सालचा, इस्पार्ता भागातल्या उलुबोर्लू या गावचा. इस्पार्ता म्हणजे गुलाबाच्या शेतीचा मुलूख. पहाटे फुलं तोडायची आणि त्यांचं तेल काढायचं, हा तिथला मोठा धंदा.

तुर्कस्तानच्या खेड्यापाड्यांत एक लांब मानेचं तारवाद्य वाजतं. त्याला बालामा म्हणतात. गावचे शाहीर ते छातीशी धरून गातात. पण १९६० नंतर इस्तंबूलसारख्या शहरातल्या तरुण पोरांना वेड लागलं होतं गिटारचं आणि इंग्रजी गाण्यांचं. बालामा म्हणजे खेडवळांचं वाद्य, असं पुष्कळांना वाटायचं.

जाहित बेर्काय यांनी १९६७ साली मित्रांबरोबर 'मोओल्लार' नावाचं वाद्यवृंद पथक उभं केलं. गिटार त्यांनीही हातात धरली, पण गावची वाद्यं टाकून दिली नाहीत. ही मंडळी खेड्यांत फिरली, तिथल्या चाली ऐकल्या, वाद्यं शिकली. मग गिटार आणि बालामा एका मांडवात आणून बसवली. या संगीताला 'आनादोलू पॉप' असं नाव पडलं. आनादोलू म्हणजे तुर्कस्तानचा आशियातला मोठा, गावाखेड्यांचा प्रदेश. १९७१ साली त्यांच्या तबकडीला फ्रान्समधला मोठा पुरस्कार मिळाला. शहरानं ज्याला हिणवलं, त्याचं कौतुक परदेशात झालं.

पुढं बेर्काय सिनेमाकडे वळले. त्या काळी इस्तंबूलच्या येशिलचाम नावाच्या गल्लीत सिनेमांचा कारखानाच चालायचा. एकेका वर्षात दोनशेच्या वर सिनेमे निघत. पैसा कमी, घाई फार. म्हणून कितीतरी सिनेमांना बाजारातल्या तयार तबकड्यांचे तुकडे जोडून संगीत दिलं जाई. गोष्ट आपल्या गावची आणि मागं सूर भलत्याच मुलखाचे! अशा काळात बेर्काय यांनी सिनेमांसाठी स्वतः चाली बांधल्या.

त्यातला सगळ्यात लाडका सिनेमा १९७७ चा. दिग्दर्शक आतिफ यिलमाझ, आणि मूळ कथा किरगीझ लेखक चिंगिझ ऐत्मातोव यांची. सिनेमाच्या नावातच नायिकेचं वर्णन आहे: सुरूच्या झाडासारखी उंच, डोक्याला लाल रुमाल बांधणारी. ती आस्या. त्युर्कान शोराय या नटीनं ती साकारली.

आस्या खेड्यातली पोरगी. ट्रक चालवणाऱ्या इल्यासवर तिचा जीव जडतो. लग्न होतं, मूल होतं. मग इल्यास दुसऱ्या बाईच्या नादी लागतो. आस्या लेकराला घेऊन घर सोडते. जेमशित नावाचा साधा माणूस तिला आसरा देतो, पोराला बापाची माया देतो. काही वर्षांनी इल्यास परत येतो. आस्याचं मन अजून त्याच्याकडे ओढ घेतं. आता कुणाबरोबर राहायचं?

ती स्वतःलाच विचारते, प्रेम म्हणजे नेमकं काय? आणि तिला उत्तर सापडतं: जो रोज राबला, ज्यानं आधाराचा हात दिला, प्रेम त्याच्या कष्टात आहे. ती जेमशितची निवड करते.

हा निर्णय कुणी तिच्यावर लादला नाही. पंच बसले नाहीत, भाऊबंद आले नाहीत. तो तिनं स्वतः घेतला. तिच्या मनातली ही ओढाताण बेर्काय यांच्या संगीतानं लोकांपर्यंत पोचवली. ती धून तिकडं आजही लोकांच्या मनात आहे.

१९७६ मध्ये मोडलेलं मोओल्लार पथक १९९३ साली पुन्हा उभं राहिलं आणि बेर्काय परत मंचावर आले.

मैत्रिणींनो, आम्हाला या दोन्ही गोष्टींत एकच धागा दिसतो. बालामा काय आणि जेमशित काय, दोघंही साधे, रोजच्या वापरातले, म्हणून नजरेआड राहिलेले. कुणीतरी त्यांची किंमत ओळखावी लागली. येत्या बैठकीत एवढं बोलाच: आपल्या घरात रोज राबणाऱ्या हातांची किंमत कोण करतं? आणि आपण स्वतः करतो का?

पुन्हा भेटू. नमस्कार.