चंद्रकांत मण्याची कुळकथा

छत्रपती संभाजीनगरहून दौलताबादेकडे निघालेली सडक छावणी मागे टाकून पडेगावच्या शिवारात शिरते. या मुलखात जमिनीचा पातळ थर खरवडला की काळा पाषाणच लागतो. देवगिरीचा कडा ज्यातून तासला आणि वेरूळचे कैलास लेणे ज्यातून कोरले, त्याच जातीचा. विहिरीसाठी किंवा खडीसाठी सुरुंग लावून फोडलेल्या या दख्खनी दगडात ठिकठिकाणी लहानमोठ्या पोकळ्या सापडतात, आणि त्यांच्या पोटात पांढरे, गुलाबट, क्वचित हिरवट स्फटिक जडवून ठेवल्यासारखे बसलेले असतात. लोक त्यांना सरसकट गारगोट्या म्हणतात. त्यांच्यापैकी काहींचे नाते आपल्या साहित्यातल्या एका कल्पित रत्नाशी फार निकटचे आहे. ते रत्न म्हणजे चंद्रकांत मणी.

संस्कृत कवींच्या सृष्टीत दोन मणी जोडीने नांदतात. सूर्यकिरणांचा स्पर्श होताच सूर्यकांत अग्नी ओकतो आणि चंद्रोदय होताच चंद्रकांत पाझरू लागतो. पैकी पहिल्याच्या मागे प्रत्यक्ष अनुभव आहे. घासून लख्ख केलेले कांस्यपात्र किंवा मणी सूर्यासमोर धरून, स्पर्श न करता सुकलेले शेण पेटवता येते, असा दाखला यास्काचार्यांनी निरुक्तात देऊन ठेवला आहे. म्हणजे बाक दिलेला पारदर्शक स्फटिक किरणे एकत्र करतो, हे त्या काळी ठाऊक होते. दुसऱ्या मण्याला असा प्रयोगाचा आधार नाही. सूर्याला जर अग्नी देणारा मणी आहे, तर शीतरश्मी चंद्रालाही जल देणारा मणी असलाच पाहिजे, या प्रतिसाम्याच्या ओढीतूनच तो जन्मला असावा, असे मला वाटते. रात्रीच्या दवाने ओलावणाऱ्या थंडगार स्फटिकाने त्या कल्पनेला थोडाबहुत हातभार लावला असेल.

पण एकदा जन्मलेल्या या कल्पनेचा दरारा असा, की ती काव्यापुरती राहिली नाही. कौटिल्याने कोशात ठेवावयाच्या मण्यांच्या यादीत सूर्यकांताच्या शेजारी ‘शीतवृष्टि’ नावाचा मणी नोंदवला. सुश्रुतसंहितेने चंद्रकांतापासून निघणाऱ्या पाण्याचे पित्तशामक गुण सांगितले. कालिदासाने अलकानगरीच्या प्रासादांत ते मणी टांगले. विदर्भातल्या पद्मपुराशी आपले कुळ जोडणाऱ्या भवभूतीने चंद्रोदयाने द्रवणारा तोच मणी नाटकात आणला. आणि पैठणजवळच्या आपेगावचे कुळ सांगणाऱ्या ज्ञानेश्वरांनी शके 1212 मध्ये, अर्जुनाचे हृदय करुणेने विरघळल्याचे वर्णन करताना, सोमकांताचाच दृष्टांत योजला. राजाचे दप्तर, वैद्याचा ग्रंथ आणि संताची वाणी या तिन्ही ठिकाणी मान्यता पावलेला हा जिन्नस मुळात नव्हताच.

आता खऱ्या दगडाकडे वळू. सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी दख्खनवर लाव्ह्याचे थरावर थर साचले. त्यात कोंडलेल्या वायूचे बुडबुडे दगड थिजताना पोकळ्या बनून राहिले, आणि पुढे खडकातून झिरपणाऱ्या उष्ण, क्षारयुक्त पाण्याने त्या पोकळ्यांत हे स्फटिक वाढवले. त्यांतल्या एका मोठ्या कुळाला झिओलाइट म्हणतात. सिलिकॉन, ॲल्युमिनियम आणि प्राणवायू यांच्या अणूंची चौकट, तिच्यात अतिसूक्ष्म बोगदे आणि त्या बोगद्यांत वस्तीला असलेले पाणी, अशी त्यांची रचना आहे. 1756 साली स्वीडनमधल्या क्रोनस्टेट या खनिजज्ञाने असा दगड फुंकनळीच्या ज्योतीत धरला, तेव्हा तो उकळल्यासारखा फसफसला. त्यावरूनच या कुळाचे नाव पडले. आपल्याकडे 1856 ते 1863 या काळात बोरघाटातून लोहमार्ग काढताना डोंगर फोडले गेले, आणि त्या कामात निघालेले झिओलाइटचे देखणे नमुने परदेशच्या संग्रहालयांत जाऊन बसले.

दगडातल्या या पाण्याची ज्याला खात्री करून घ्यायची असेल त्याने याच कुळातले स्टिल्बाइट घ्यावे. मध्ये आवळलेल्या पेंढीसारखा त्याचा गुलाबट झुबका सहज ओळखू येतो. त्याचा कोरडा ठणठणीत तुकडा काचेच्या परीक्षानळीत टाकून नळी किंचित आडवी धरावी आणि तळाला स्पिरिटच्या दिव्याची आच द्यावी. थोड्याच वेळात नळीच्या वरच्या थंड भागावर प्रथम वाफेचे धुके धरते, मग त्या धुक्याचे थेंब होतात. स्टिल्बाइटच्या वजनाचा सहाव्या हिश्शाहून अधिक भाग पाण्याचाच असतो. याच कुळातल्या कित्येक स्फटिकांतून पाणी काढून घेतले तरी त्यांची चौकट ढासळत नाही आणि दमट हवेत ते पुन्हा पाणी भरून घेतात, हे फ्रान्समधल्या दामूर यांनी 1840 साली दाखवून दिले.

पाणी सोडणारा आणि पुन्हा धरणारा स्फटिक हाती आल्यावर पुढे त्याचे तंत्रही बनले. त्या बोगद्यांतले क्षारकणही अदलाबदल करतात, हे कळल्यावर जड पाणी मऊ करण्याच्या युक्त्या निघाल्या. बोगद्यांच्या ठरावीक रुंदीमुळे लहान रेणू आत शिरतात आणि मोठे बाहेर राहतात, हे ध्यानी आल्यावर रेणू चाळणाऱ्या चाळण्या झाल्या. निसर्गातला दगड अपुरा पडू लागला तेव्हा विसाव्या शतकाच्या मध्यावर तो प्रयोगशाळेत घडवला गेला, आणि आज खनिज तेलाच्या शुद्धीकरणापासून कपडे धुण्याच्या भुकटीपर्यंत त्याचा संचार आहे. पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेने झिओलाइटची स्वतःची उत्प्रेरके सिद्ध करून ती भारतीय कारखान्यांपर्यंत पोहोचवली, ही गोष्ट प्रत्येक मराठी विद्यार्थ्याला अभिमानाने सांगण्याजोगी आहे.

पाणी देणाऱ्या दगडाची कल्पना आपल्यापाशी होती आणि तसा दगडही आपल्याच पायाखाली होता; पण कल्पनेतला मणी चंद्राची वाट पाहत स्वतःहून पाझरतो, अशी आपली समजूत असल्यामुळे दगडाला विस्तवाजवळ नेऊन प्रश्न विचारण्याची निकड कोणाला भासली नाही. यास्कांच्या शेणाच्या गोवरीजवळ जी जिज्ञासा होती, ती चंद्रकांताच्या वाट्याला आली असती तर ही कुळकथा निराळी झाली असती. ती जिज्ञासा आजही उशिराची नाही. सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात हे स्फटिक सन्मानाने मांडलेले आहेत. मात्र खदानीतून निघणारे असंख्य नमुने कोणी न्याहाळण्याआधीच खडीत भरडले जातात. खदानीवाल्यांनी त्यांतले चार तुकडे बाजूला काढून जवळच्या शाळेत पोहोचते करावेत, आणि शिक्षकांनी चंद्रकांताचा श्लोक शिकवतील त्याच आठवड्यात एक परीक्षानळी दिव्यावर धरावी, एवढीच माझी कळकळीची विनंती आहे.