सुरतेचा हरमीत देसाई : कारकीर्द आणि कामगिरी

हरमीत देसाई (जन्म १९ जुलै १९९३, सुरत) हा भारताचा आघाडीचा टेबल टेनिसपटू. राष्ट्रकुल क्रीडा स्पर्धांत दोन सांघिक सुवर्णपदके व दुहेरीतील एक कांस्यपदक, आशियाई क्रीडा स्पर्धेतील सांघिक कांस्यपदक, राष्ट्रकुल अजिंक्यपद स्पर्धेतील एकेरीचे विजेतेपद आणि २०१९ चा अर्जुन पुरस्कार ही त्याच्या कारकिर्दीतील ठळक कमाई. २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये तो एकेरी व सांघिक अशा दोन्ही प्रकारांत भारताकडून खेळला. गोमंतकीय वाचकांना मात्र तो अधिक परिचित आहे तो अल्टिमेट टेबल टेनिस लीगमधील ‘गोवा चॅलेंजर्स’ या संघामुळे. या संघाने २०२३ आणि २०२४ असे लागोपाठ दोनदा विजेतेपद पटकावले आणि दोन्ही वेळा हरमीत त्या संघात होता.

देसाई हे आडनाव वाचून तो आपल्याच पेडणे-सत्तरीकडचा असावा, असे एखाद्याला वाटले तर नवल नाही. वतनदारीच्या काळातून आलेले हे नाव गोवा, कोकण आणि दक्षिण गुजरात या तिन्ही ठिकाणी रुजलेले आहे. हरमीत तापीकाठचा. जरी, कापड आणि हिरे यांसाठी ओळखल्या जाणाऱ्या सुरत शहराची खेळाच्या नकाशावर ओळख झाली ती टेबल टेनिसमुळे, आणि तीही गेल्या दीड-दोन दशकांत. क्रिकेटवेड्या गुजरातमध्ये एका घरातल्या खेळाने एवढे मूळ धरावे, याचे श्रेय शहरातील प्रशिक्षकांना, पालकांना आणि अठवा लाइन्स भागातील पंडित दीनदयाळ उपाध्याय इनडोअर स्टेडियमसारख्या सुविधांना द्यावे लागेल. २०१५ ची राष्ट्रकुल टेबल टेनिस अजिंक्यपद स्पर्धा सुरतेत भरली होती. भारताचा दुसरा नामवंत खेळाडू मानव ठक्कर हाही याच शहरात घडला. मानव हरमीतपेक्षा सुमारे सात वर्षांनी लहान. या दोघांची वाट पुढे अनेकदा एकमेकांना छेदून गेली.

हरमीतच्या कारकिर्दीचे मोजमाप करताना एक अडचण येते आणि ती आधीच सांगितलेली बरी. त्याचा काळ हा अचंता शरत कमलचा काळ होता. १९८२ मध्ये जन्मलेल्या शरतने दहा वेळा राष्ट्रीय विजेतेपद मिळवले आणि मार्च २०२५ मध्ये निवृत्त होईपर्यंत भारतीय संघाचे नेतृत्व आपल्याकडे राखले. त्याच्या पाठोपाठ चेन्नईचा जी. साथियन आला. तो हरमीतच्याच वर्षी, १९९३ मध्ये जन्मलेला. त्यामुळे संघाच्या यादीत हरमीतचे नाव बहुधा तिसरे असे. सांघिक लढतीत तिसऱ्या खेळाडूचे काम विचित्र असते. पहिले दोघे जिंकले तर त्याच्या खेळाकडे कोणी फारसे पाहत नाही, आणि लढत बरोबरीत किंवा अडचणीत आली की सारा भार एकाएकी त्याच्या बॅटवर येतो. हरमीतच्या पदकांचा मोठा हिस्सा या जागेवरून मिळवलेला आहे. नुसती पदकांची यादी वाचून ते लक्षात येत नाही.

गोल्ड कोस्ट येथील २०१८ च्या राष्ट्रकुल स्पर्धेपासून सुरुवात करू. पुरुषांच्या सांघिक अंतिम फेरीत भारतासमोर नायजेरिया होता. शरतने बोडे अबियोदुनला आणि साथियनने सेगुन टोरिओलाला हरवल्यावर तिसरी लढत दुहेरीची होती. हरमीत व साथियन यांनी अबियोदुन आणि ओलाजिदे ओमोतायो या जोडीला सरळ गेममध्ये नमवून ३-० असे सुवर्णपदक निश्चित केले. याच स्पर्धेत मुंबईच्या सनील शेट्टीच्या साथीने हरमीतने पुरुष दुहेरीचे कांस्यपदकही मिळवले. दोन निराळ्या जोडीदारांसह एकाच स्पर्धेत दोन पदके, ही गोष्ट दिसते तेवढी सोपी नाही. टेबल टेनिसच्या दुहेरीत लॉन टेनिसप्रमाणे ज्याच्याकडे चेंडू येईल त्याने मारावा, अशी मुभा नसते. दोघांनी आळीपाळीनेच चेंडू परतवायचा असतो. फटका मारल्याबरोबर बाजूला सरून जोडीदाराला वाट करून द्यायची आणि लगेच पुन्हा आपल्या जागी यायचे. सर्व्हिसही उजव्या अर्ध्या भागातून समोरच्या उजव्या अर्ध्या भागातच करावी लागते. साहजिकच जोडीदार बदलला की पावलांचा सारा हिशेब नव्याने मांडावा लागतो. हरमीतने साथियन, सनील आणि पुढे मानव अशा तिघांबरोबर तो मांडला आणि तिघांबरोबरही पदके मिळवली.

त्याच वर्षी ऑगस्टमध्ये जकार्ता येथील आशियाई क्रीडा स्पर्धेत भारतीय पुरुष संघाने उपांत्यपूर्व फेरीत जपानला ३-१ असे हरवले. या लढतीत हरमीतचा स्वतःचा सामना मात्र जपानच्या खात्यात गेला. साथियनने दोन व शरतने एक सामना जिंकून बाजू सावरली. उपांत्य फेरीत दक्षिण कोरियाकडून ०-३ अशी हार झाली, पण कांस्यपदक हाती आले. आशियाई क्रीडा स्पर्धेच्या इतिहासात टेबल टेनिसमधील भारताचे ते पहिले पदक. चीन, जपान, कोरिया, चिनी तैपेई हे सारे बलाढ्य संघ आशियातच असल्याने या खेळात आशियाई पदक मिळवणे हे राष्ट्रकुल पदकापेक्षा कितीतरी अवघड.

वैयक्तिक यशाच्या दृष्टीने २०१९ हे हरमीतचे वर्ष ठरले. जुलैमध्ये कटक येथे राष्ट्रकुल अजिंक्यपद स्पर्धा झाली. त्याचा सव्विसावा वाढदिवस स्पर्धेच्या दिवसांतच आला. एकेरीच्या अंतिम फेरीत गाठ पडली ती साथियनशी, म्हणजे वर्षभरापूर्वीच्या सुवर्णपदकी जोडीदाराशीच. पहिले दोन गेम गमावल्यानंतर हरमीतने लढत खेचून आणली आणि ४-३ अशी जिंकली. त्या स्पर्धेतील सातही सुवर्णपदके भारतालाच मिळाल्याने वृत्तपत्रांच्या मथळ्यांत एकेरीचा हा विजय काहीसा झाकला गेला. ऑगस्टमध्ये अर्जुन पुरस्कार मिळाला. नोव्हेंबरमध्ये इंडोनेशियातील बाटाम येथे झालेल्या इंडोनेशिया ओपन या आंतरराष्ट्रीय महासंघाच्या चॅलेंज मालिकेतील स्पर्धेत त्याने अंतिम फेरीत भारताच्याच अँथनी अमलराजला हरवून विजेतेपद मिळवले.

यानंतरचे काही आठवडे मात्र या कारकिर्दीतील सर्वांत कडू-गोड म्हणावे लागतील. जानेवारी २०२० मध्ये पोर्तुगालमधील गोंदोमार येथे टोकियो ऑलिंपिकसाठी सांघिक पात्रता स्पर्धा होती. भारतीय पुरुष संघाला तेथे पात्रता मिळवता आली नाही. संघ पात्र ठरला असता तर तीन खेळाडूंना ऑलिंपिकचे दार उघडले असते. तो मार्ग बंद झाल्यावर एकेरीत एका देशाला दोनच जागा उरल्या आणि त्या शरत व साथियन यांच्याकडे गेल्या. तिसऱ्या क्रमांकाची किंमत हरमीतने येथे सर्वाधिक मोजली. पण गोंदोमारनंतर काही दिवसांतच हैदराबादला राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धा झाली आणि तेथे त्याने पहिल्यांदाच राष्ट्रीय विजेतेपद मिळवले. अंतिम फेरीतील प्रतिस्पर्धी होता मानव ठक्कर. दोघे एकाच शहराचे, दोघेही पेट्रोलियम क्रीडा नियंत्रण मंडळाच्या संघातले. लढत सातव्या गेमपर्यंत गेली आणि ४-३ असा हरमीतचा विजय झाला. राष्ट्रीय विजेता आणि उपविजेता हे दोघेही सुरतेचे असण्याचा तो प्रसंग शहराच्या क्रीडा इतिहासात नोंदवून ठेवावा असाच.

२०२१ मध्ये दोहा येथील आशियाई अजिंक्यपद स्पर्धेत पुरुष संघाने कांस्यपदक जिंकले. या स्पर्धेतील सांघिक पदक भारतीय पुरुषांना ४५ वर्षांनंतर मिळत होते. तेथे दुहेरीतही दोन भारतीय जोड्यांना कांस्यपदक मिळाले. त्यांतील एक शरत-साथियनची आणि दुसरी हरमीत-मानव या सुरतकरांची. २०२३ मध्ये प्योंगचांग आणि २०२४ मध्ये अस्ताना येथेही पुरुष संघाने सांघिक कांस्यपदक राखले.

त्याच्या कारकिर्दीतील एकच सामना पाहायचा असेल, तर तो बर्मिंगहॅमचा पाहावा. २ ऑगस्ट २०२२, राष्ट्रकुल स्पर्धेतील पुरुषांची सांघिक अंतिम फेरी, समोर सिंगापूर. या वेळी दुहेरीची लढत प्रथम होती. हरमीत व साथियन यांनी आयझॅक क्वेक आणि कोएन पँग यांना ३-० असे हरवले. दुसऱ्या लढतीत धक्का बसला. क्लॅरेन्स च्यूने शरत कमलला ३-१ असे पराभूत केले. ज्याच्या भरवशावर संघ उभा, तोच हरल्यावर डाव उलटायला वेळ लागत नाही. साथियनने पँगला ३-१ असे नमवून भारताला पुन्हा आघाडीवर नेले. चौथ्या लढतीत हरमीतसमोर होता तोच च्यू, नुकताच शरतला हरवून आत्मविश्वासाने भरलेला. हरमीतने त्याला ११-८, ११-५, ११-६ असे तीन गेममध्ये संपवले. सुवर्णपदकावर शिक्कामोर्तब करणारा गुण या वेळी ‘तिसऱ्या’ खेळाडूच्या बॅटमधून आला होता. पुढे त्याच स्पर्धेत शरतने एकेरीचे सुवर्णपदक जिंकले आणि देशभर कौतुक झाले ते त्याचेच. ते योग्यही होते. तरीही सांघिक सुवर्णाची गोष्ट हरमीतचे नाव पुढे घेऊनच सांगावी लागते.

बर्मिंगहॅमनंतर दीड महिन्याने, सप्टेंबर २०२२ मध्ये, गुजरातमधील राष्ट्रीय क्रीडा स्पर्धेचे टेबल टेनिसचे सामने सुरतेत झाले. घरच्या प्रेक्षकांसमोर हरमीतने एकेरीचे सुवर्णपदक मिळवले. मानव ठक्कर आणि वडोदऱ्याचा मानुष शाह यांच्या साथीने गुजरातच्या पुरुष संघानेही सुवर्णपदक जिंकले.

पॅरिसला पोहोचायला त्याला वयाचे एकतिसावे वर्ष उजाडले. भारतीय पुरुष व महिला संघ प्रथमच ऑलिंपिकच्या सांघिक स्पर्धेस पात्र ठरले होते आणि एकेरीच्या दोन जागांसाठी शरतबरोबर हरमीतची निवड झाली. प्राथमिक फेरीत त्याने जॉर्डनच्या झैद अबो यमनला ४-० असे हरवले. पुढच्या फेरीत यजमान फ्रान्सचा फेलिक्स लेब्रन होता. वय अवघे सतरा, आणि सारे सभागृह त्याच्या बाजूने. हरमीत ८-११, ८-११, ६-११, ८-११ असा हरला. लेब्रनने नंतर एकेरीचे कांस्यपदक जिंकले, हे लक्षात घेता तीन गेममध्ये आठ गुणांपर्यंत पोहोचणे म्हणजे शरणागती नव्हे. सांघिक स्पर्धेत पहिल्याच फेरीत चीन वाट्याला आला. हरमीत व मानव यांची गाठ मा लाँग आणि वांग चुचिन यांच्याशी पडली. त्यांनी पहिला गेम दोन आणि दुसरा तीन गुणांवर गमावला. तिसऱ्या गेममध्ये सात गुण मिळाले. लढत ०-३ अशी संपली. राष्ट्रकुलातील सुवर्ण आणि जगातील सर्वोच्च पातळी यांत अजून केवढे अंतर आहे, ते या आकड्यांतून उघड होते.

आता गोव्याकडे. अल्टिमेट टेबल टेनिस लीगची रचना राष्ट्रकुलच्या सांघिक स्पर्धेपेक्षा वेगळी आहे. एका लढतीत पुरुष एकेरीचे दोन, महिला एकेरीचे दोन आणि मिश्र दुहेरीचा एक असे पाच सामने असतात. प्रत्येक सामना तीन गेमचा आणि प्रत्येक गेमला एक गुण. म्हणजे एकूण पंधरा गुण, आणि बाद फेरीत जो संघ आधी आठ गुण गाठेल तो विजयी. गेममध्ये १०-१० अशी बरोबरी झाली तर पुढचा एकच गुण निर्णायक ठरतो. दोन गुणांच्या फरकाची नेहमीची सवलत तेथे नाही. या पद्धतीत सामना हरलेला खेळाडूही एक गेम जिंकून संघाला तारू शकतो. ३० जुलै २०२३ रोजी पुण्याच्या बालेवाडी क्रीडा संकुलात गोवा चॅलेंजर्सने चेन्नई लायन्सला ८-७ असे हरवून प्रथमच करंडक जिंकला. पंधराच्या पंधरा गेम खेळावे लागले, त्यावरून चुरस ध्यानात यावी. पुढच्या वर्षी चेन्नईत झालेल्या अंतिम फेरीत दबंग दिल्लीवर ८-२ असा सहज विजय मिळवून संघाने विजेतेपद राखले.

गोव्याचे नाव मिरवणाऱ्या या संघाने ही दोन्ही विजेतेपदे गोव्याबाहेर मिळवली, ही येथील क्रीडारसिकांना बोचणारी बाब आहे. वास्तविक गोव्यात २०२३ आणि २०२४ मध्ये जागतिक दर्जाची ‘स्टार कंटेंडर’ स्पर्धा झाली होती. २०२३ ची स्पर्धा तर या मालिकेतील भारतातली पहिलीच. सुविधा आहे, संघही आहे. २०२४ पर्यंत तरी दोघांची गाठ पडली नव्हती.

जानेवारी २०२५ मध्ये राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धा पुन्हा सुरतेत, पंडित दीनदयाळ उपाध्याय स्टेडियममध्ये भरली. महिलांत मुंबईची दीया चितळे विजेती ठरली. पुरुषांचे विजेतेपद सुरतेतच राहिले. हैदराबादला पाच वर्षांपूर्वी हरमीतकडून सातव्या गेममध्ये हरलेल्या मानव ठक्करने ते मिळवले.