रायपूरची खरेदी कोणत्या रकान्यात?

१४. 'ॲमेझॉनची रायपूरमधली कमाई' हे लेखकाचे शब्द सैल अर्थाने घ्यावेत. कंपनीच्या वार्षिक अहवालात रायपूर सोडाच, भारताचाही वेगळा नफातोटा नसतो. विभाग तीनच: उत्तर अमेरिका, आंतरराष्ट्रीय आणि एडब्ल्यूएस (क्लाउड सेवा; हा २०१५ पासून वेगळा). देशवार विक्रीत अमेरिका, जर्मनी, ब्रिटन, जपान यांची नावे येतात; भारत 'उर्वरित जगा'त. चौबे कॉलनीतल्या कुणी पुण्याच्या विक्रेत्याकडून साडी मागवली, तर तिच्यावरचे कमिशन 'आंतरराष्ट्रीय'मध्ये पडते. रायपूरच्याच एखाद्या कंपनीचे क्लाउडचे बिल एडब्ल्यूएसमध्ये. भारतात किती मिळाले, किती बुडाले, हे भागधारकाने ताडतच बसावे. नियमात बसते, पण सोयीचेही आहे.

जीएसटीत अशी गोळाबेरीज चालत नाही. साडी छत्तीसगडात पोचते, म्हणून आंतरराज्य विक्रीवरच्या आयजीएसटीतला राज्याचा वाटा छत्तीसगडला. शिवाय कंपनी विक्रेत्याच्या पैशांतून अर्धा टक्का टीसीएस, म्हणजे उगमस्थानी गोळा केलेला कर, कापते (१० जुलै २०२४ पूर्वी एक टक्का).

वार्षिक अहवालातला 'अनिश्चित कर' म्हणजे चुकवलेला कर नव्हे. वादात अडकलेला कर. अमेरिकेला जाणाऱ्या क्लाउड-शुल्कावर भारतात कर लागतो, असा निर्णय आयकर खात्याने दिल्याचे कंपनीने २०२३ मध्ये नोंदवले. निर्णय अमान्य, तरी कर भरायचा, आणि तो परत मिळेल असे धरायचे, ही तिची भूमिका. मे २०२५ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने हे शुल्क रॉयल्टी नसल्याचे, म्हणून करपात्र नसल्याचे ठरवले. (संपा.)