दक्षिण कोरियातील ‘शटडाउन’ कायदा आणि यंत्रव्यसनाची कल्पना (१९९८–२०२१)

एखादी सवय व्यसन केव्हा ठरते आणि व्यसन हा रोग केव्हा मानला जातो, हा प्रश्न जितका वैद्यकाचा तितकाच इतिहासाचाही आहे. अफू व मद्य यांच्या बाबतीत तो पूर्वीच चर्चिला गेला आहे. संगणक, इंटरनेट आणि स्मार्टफोन यांच्या बाबतीत मात्र त्याची चर्चा बहुधा वर्तमानकाळातच घुटमळते. जणू ही चिंता काल-परवाच उद्भवली आणि तिला पूर्वेतिहास नाही, अशी समजूत आढळते. ती बरोबर नाही. या विषयाचा एक बंदिस्त, म्हणून अभ्यासास सोयीचा असा कालखंड दक्षिण कोरियाच्या अलीकडील इतिहासात सापडतो. यंत्राच्या अतिवापराविरुद्ध तेथे कायदा झाला, तो दहा वर्षे अमलात राहिला आणि पुढे ज्या विधिमंडळाने तो केला त्यानेच तो रद्द केला. त्या कायद्याची जडणघडण, त्यामागील आरोग्यविषयक कल्पना आणि त्याचे अपयश यांचे समालोचन करणे, एवढाच प्रस्तुत निबंधाचा हेतू आहे.

१

१९९७ च्या अखेरीस दक्षिण कोरिया आर्थिक संकटात सापडला व डिसेंबरात त्याला आंतरराष्ट्रीय नाणेनिधीचे साहाय्य घ्यावे लागले. मोठमोठे उद्योगसमूह कोसळले आणि असंख्य मध्यमवयीन नोकरदार बेकार झाले. फेब्रुवारी १९९८ मध्ये किम दे-जुंग राष्ट्राध्यक्ष झाले. त्यांच्या शासनाने जलदगती इंटरनेटचा प्रसार हे राष्ट्राच्या पुनरुभारणीचे एक प्रमुख साधन मानले. शहरांतील लोकवस्ती उंच इमारतींत दाटलेली असल्यामुळे घरोघरी तारा पोचविणे तुलनेने स्वस्त पडले.

याच सुमारास ‘पीसी बांग’ या नावाची दुकाने गल्लोगल्ली निघू लागली. ‘बांग’ म्हणजे खोली. तेथे तासाच्या हिशेबाने संगणक भाड्याने मिळे. नोकरी गेलेल्या अनेकांनी हाती आलेली रक्कम या धंद्यात घातली. १९९८ मध्येच प्रसिद्ध झालेल्या ‘स्टारक्राफ्ट’ या अमेरिकी खेळाने या दुकानांना गिऱ्हाईक मिळवून दिले. २००१ च्या सुमारास पीसी बांगांची संख्या वीस हजारांवर गेली होती. २००० मध्ये केवळ संगणकीय खेळांना वाहिलेली दूरचित्रवाणी वाहिनी सुरू झाली आणि खेळाडू ही एक प्रतिष्ठेची वृत्ती बनली.

हा तपशील येथे देण्याचे कारण असे की, पुढे ज्याला व्यसन म्हटले गेले त्याची भूमी खुद्द राज्यसंस्थेने नांगरली होती. मद्य वा अफू यांवर कर घेणारे राज्यच त्यांच्या निर्मूलनाची भाषा बोलते, हा विरोधाभास इतिहासाच्या अभ्यासकांस परिचित आहे. येथे तो निराळ्या वेषात पुन्हा दिसतो.

२

‘इंटरनेटचे व्यसन’ ही संज्ञा कोरियात जन्मली नाही. १९९५ मध्ये न्यूयॉर्कचे मनोविकारतज्ज्ञ आयव्हन गोल्डबर्ग यांनी अमेरिकी मनोविकारसूचीच्या शैलीची थट्टा करण्यासाठी या नावाचा एक काल्पनिक विकार लिहून प्रसृत केला. थट्टा बाजूस राहिली आणि आपल्याला तोच विकार आहे, असे सांगणारी माणसे त्यांच्याकडे येऊ लागली. १९९६ मध्ये किंबर्ली यंग यांनी या विषयावर गंभीर संशोधन मांडले. त्यांनी निदानाच्या कसोट्या विकृत जुगाराच्या कसोट्यांवरून बेतल्या होत्या. या उगमाचे महत्त्व विसरता कामा नये. मापनपट्टी तयार होण्यापूर्वीच उपमा ठरून गेली होती, आणि ती उपमा जुगाराची होती.

कोरियात या संज्ञेस वजन आले ते काही मृत्यूंमुळे. ऑक्टोबर २००२ मध्ये ग्वांगजू येथील पीसी बांगमध्ये एक चोवीस वर्षांचा तरुण सुमारे ८६ तास सलग खेळून मरण पावला. ऑगस्ट २००५ मध्ये देगू येथे अठ्ठावीस वर्षांचा एक तरुण सुमारे पन्नास तासांच्या खेळानंतर हृदय बंद पडून दगावला. मार्च २०१० मध्ये एका दांपत्यास अटक झाली. त्यांचे तीन महिन्यांचे मूल उपासमारीने मेले होते आणि ती दोघे पीसी बांगमध्ये एका आभासी बालिकेच्या संगोपनाचा खेळ खेळण्यात रात्री घालवीत होती. या शेवटच्या घटनेने लोकमत विशेष हादरले.

दरम्यान २००२ मध्ये शासकीय समुपदेशन केंद्र सुरू झाले आणि व्यसनाची तीव्रता मोजणारी प्रश्नावली सिद्ध करण्यात आली. २००४ पासून दरवर्षी राष्ट्रव्यापी पाहणी होऊ लागली. २००७ मध्ये राजधानीच्या दक्षिणेस मुलांसाठी शासकीय खर्चाने निवासी शिबिर भरविण्यात आले. तेथे कवायत, घोडेस्वारी आणि ढोलवादन यांच्याद्वारे मुलांचे मन पडद्यापासून दूर नेण्याचा प्रयत्न होई.

येथे एक विसंगती नोंदविणे अवश्य आहे. ज्या मृत्यूंनी लोकमत घडविले ते सर्व प्रौढांच्या वर्तनातून उद्भवले होते. उपाय मात्र योजले गेले ते प्रामुख्याने मुलांसाठी. मताधिकार नसलेल्या वर्गावर निर्बंध घालणे शासनास सोपे जाते, एवढेच याचे कारण नसावे. मुलांच्या अभ्यासाविषयी पालकांना वाटणारी चिंता ही त्या समाजातील अत्यंत प्रबळ शक्ती होती, आणि तिला आरोग्याची भाषा मिळाली.

३

२९ एप्रिल २०११ रोजी युवक संरक्षण कायद्यातील दुरुस्ती संमत झाली व २० नोव्हेंबर २०११ पासून ती अमलात आली. सोळा वर्षांखालील मुलांना मध्यरात्रीपासून पहाटे सहा वाजेपर्यंत संगणकावरील ऑनलाइन खेळ उपलब्ध करून देण्यास पुरवठादारांना मनाई करण्यात आली. शिक्षेची तरतूद मुलांसाठी नव्हती, पुरवठादारांसाठी होती. लोकांनी यास ‘सिंड्रेला कायदा’ असे नाव दिले. मुलांच्या निद्रेचे व आरोग्याचे रक्षण आणि व्यसनास प्रतिबंध हे त्याचे घोषित हेतू होते. २४ एप्रिल २०१४ रोजी संविधान न्यायालयाने सात विरुद्ध दोन मतांनी तो वैध ठरविला.

कायद्याची रचना पाहता त्याचे लक्ष्य म्हणजे खोलीत ठेवलेला, तारेने जोडलेला संगणक होय. परंतु हे लक्ष्य तोवर स्थिर राहिले नव्हते. नोव्हेंबर २००९ मध्ये आयफोन कोरियात आला होता आणि कायदा अमलात येण्यापूर्वीच, ऑक्टोबर २०११ च्या अखेरीस, सुमारे पाच कोटी लोकसंख्येच्या त्या देशात स्मार्टफोनधारकांची संख्या दोन कोटींवर पोचली होती. मोबाइलवरील खेळांना कायद्याची अंमलबजावणी पुढे ढकलण्यात आली आणि ती तशीच राहिली. शिवाय खेळात प्रवेश करण्यासाठी लागणारा नागरिक नोंदणी क्रमांक आईबापांचा वापरला की बंदी टळत असे. ज्या दिवशी दाराला कुलूप लागले त्या दिवशी खिडकी उघडीच होती.

४

कायद्याने मुलांची झोप वाढली काय? या प्रश्नाचे उत्तर अभ्यासकांनी आकडेवारीतून शोधले आहे. २०१७ व २०१८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या दोन स्वतंत्र अभ्यासांत झोपेच्या अवधीत व्यवहारदृष्ट्या अर्थपूर्ण अशी वाढ आढळली नाही. यात आश्चर्य नाही. कोरियातील शाळकरी मुले शाळेनंतर ‘हागवान’ नामक खाजगी शिकवण्यांना जातात. या शिकवण्या इतक्या उशिरापर्यंत चालत की, सोल नगरात त्यांना रात्री दहाची मर्यादा घालावी लागली आणि त्या मर्यादेचाही वाद २००९ मध्ये संविधान न्यायालयापर्यंत गेला. म्हणजे मुलांच्या रात्रीवर दोन निर्बंध होते. एक दहा वाजता शिकवणी बंद करणारा, दुसरा बारा वाजता खेळ बंद करणारा. मुलाच्या हाती राहणारा मोकळा वेळ बव्हंशी या दोहोंच्या मधला होता. निद्रानाशाचा सर्व दोष पडद्यावर टाकताना ही दिनचर्या नजरेआड झाली.

डोळ्यांच्या बाबतीतही हीच सावधगिरी हवी. २०१० मध्ये सैन्यभरतीसाठी तपासलेल्या सोलमधील एकोणीस वर्षांच्या तरुणांपैकी ९६.५ टक्क्यांना निकटदृष्टिदोष असल्याचे आढळले. हा आकडा पडद्याच्या दुष्परिणामाचा पुरावा म्हणून पुढे करण्याचा मोह होतो. पण या तरुणांचे बालपण स्मार्टफोनपूर्व काळातील होते, हे तारखाच सांगतात. जवळचे दीर्घकाळ वाचन आणि दिवसाच्या उजेडात घालविलेला अपुरा वेळ, ही कारणे नेत्रवैद्यकात आज अधिक महत्त्वाची मानली जातात. पडदा निर्दोष आहे असा याचा अर्थ नव्हे. रात्री उशाशी ठेवलेला फोन झोप लांबवितो आणि तासन्‌तास बैठे राहणे शरीरास अपायकारक आहे, याविषयी दुमत नाही. प्रश्न आहे तो, हे अपाय व्यसन या एका शब्दात बांधले म्हणजे त्यांचे आकलन वाढते की घटते, हा.

या शब्दाविषयी खुद्द शासनालाही पुढे संकोच वाटू लागला. २०१६ पासून राष्ट्रीय पाहणीत ‘व्यसन’ हा शब्द टाकून ‘अतिअवलंबन’ असा शब्द योजण्यात आला. जागतिक आरोग्य सभेने मे २०१९ मध्ये स्वीकारलेल्या व १ जानेवारी २०२२ पासून अमलात आलेल्या रोगवर्गीकरणात ‘गेमिंग’ विकारास स्थान मिळाले. खेळावरील ताबा सुटणे, इतर सर्व गोष्टींहून खेळास अग्रक्रम देणे आणि हानी दिसत असूनही खेळत राहणे, ही त्याची लक्षणे सामान्यतः बारा महिने टिकून असली पाहिजेत. स्मार्टफोनचे व्यसन या नावाचा रोग मात्र त्या वर्गीकरणात नाही. हा भेद दैनंदिन बोलण्यात पुसला जातो. अभ्यासकाने तो पुसू नये.

५

जुलै २०२१ मध्ये कायद्याची अडचण हास्यास्पद टोकाला पोचली. ‘माइनक्राफ्ट’ हा जगभर मुले खेळतात तो खेळ खाते-पद्धतीतील बदलामुळे कोरियात केवळ प्रौढांपुरता राहण्याची वेळ आली. कारण वयानुसार रात्री खेळ बंद करण्याची वेगळी यंत्रणा कोरियापुरती राखणे पुरवठादारास नको होते. २५ ऑगस्ट रोजी शासनाने कायदा मागे घेण्याचे जाहीर केले, ११ नोव्हेंबर २०२१ रोजी विधिमंडळाने तो रद्द केला आणि १ जानेवारी २०२२ पासून त्याचा अंमल संपला. पालकांच्या विनंतीवरून वेळ ठरविण्याची ऐच्छिक व्यवस्था तेवढी शिल्लक राहिली. योगायोग असा की, त्याच ऑगस्टच्या ३० तारखेस चीनने अल्पवयीनांचा ऑनलाइन खेळ शुक्रवार, शनिवार, रविवार व सुट्ट्या यांपैकी प्रत्येक दिवशी एका तासापुरता सीमित केला. कोरियातही निर्बंधाची कल्पना मावळली नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये तेथे वर्गात मोबाइल वापरण्यास मनाई करणारा कायदा संमत झाला व मार्च २०२६ पासून तो लागू होईल असे ठरले. घड्याळाची जागा आता स्थळाने घेतली आहे.

आपल्याकडील एक घटना या संदर्भात तुलनेस घेण्यासारखी आहे. टाळेबंदीतील ऑनलाइन शिक्षणाने मुलांच्या हाती फोन आला आणि शाळा उघडल्यावरही तो सुटेना, असा अनुभव आल्यानंतर सांगली जिल्ह्यातील मोहित्यांचे वडगाव या गावाने ऑगस्ट २०२२ मध्ये एक ठराव केला. सायंकाळी सात वाजता देवळावरील भोंगा वाजावा आणि तेथून दीड तास गावातील दूरचित्रवाणी संच व मोबाइल बंद राहावेत, असे ठरले. मुलांनी अभ्यास करावा, मोठ्यांनी वाचावे वा परस्परांशी बोलावे, अशी अपेक्षा होती. घड्याळाचा आधार येथेही आहे. परंतु भोंगा जसा मुलासाठी वाजे तसाच त्याच्या आईबापांसाठीही वाजे, आणि बंद केलेल्या वेळात काय करावे याचाही विचार ठरावात होता. कोरियाच्या कायद्यात या दोन्ही गोष्टी नव्हत्या. एका गावाच्या ठरावावरून राष्ट्राच्या धोरणाचे अनुमान काढणे अशास्त्रीय होईल. तथापि उपायाच्या रचनेतील हा फरक लक्षणीय आहे.

तात्पर्य, कोरियातील दशवार्षिक प्रयोगाने यंत्राची हानी खोटी ठरविली नाही. मुलाच्या दिवसाचा हिशेब न मांडता केवळ त्याच्या रात्रीचे सहा तास मोजणारा आरोग्यविचार अपुरा पडतो, इतके मात्र त्याने दाखवून दिले. यंत्रे बदलतात आणि त्यांच्यासाठी केलेले कायदे मागे राहतात. बदलत नाही तो प्रश्न मोकळ्या वेळेचा. तो किती मिळतो, कोणाबरोबर मिळतो आणि पडद्यावाचून तो घालविण्यास जागा उरली आहे काय, या अंगाने आपल्याकडील साधनांचा अभ्यास अद्याप व्हावयाचा आहे. शाळांची वेळापत्रके, शिकवणीवर्गांचे तास, मैदानांची नोंद आणि ग्रामसभांचे ठराव ही त्याची कागदपत्रे होत. ती आज जपून ठेवली नाहीत, तर पुढील अभ्यासकाच्या हाती केवळ फोनच्या विक्रीचे आकडे उरतील.