तिलिस्म, लौह आणि आपली तालीम

उर्दू अदबाच्या इतिहासात 'तिलिस्म' या शब्दाला मोठे स्थान आहे. मूळ शब्द ग्रीक. अरबीतून तो फारसीत व उर्दूत आला आणि तिकडे युरोपात 'टॅलिस्मन' होऊन गेला. थोर इतिहासकार इब्न खल्दून यांनी 'मुकद्दिमा' (1377) या ग्रंथात जादू आणि तिलिस्म यांत भेद केला आहे. कोणत्याही साधनाविना, केवळ मनाच्या जोरावर परिणाम घडवू पाहणे ही जादू. ग्रहतारे, मूलतत्त्वे, अंक यांच्या गुणधर्मांची मदत घेणे म्हणजे तिलिस्म. शरीयतने दोन्ही निषिद्ध ठरवली आहेत, हेही त्यांनी सांगून ठेवले. पण त्यांच्या या विभागणीवरून एक गोष्ट कळते. जुन्या लोकांच्या कल्पनेत तिलिस्म ही एक प्रकारची यंत्रविद्या होती.

या कल्पनेचा सर्वात भव्य विस्तार 'तिलिस्म-ए-होशरुबा'मध्ये आहे. लखनौच्या मुन्शी नवल किशोर यांच्या छापखान्याने 1883 पासून ही दास्तान छापायला सुरुवात केली. सात खंडांपैकी पहिले चार मुहम्मद हुसेन जाह यांनी लिहिले, पुढचे अहमद हुसेन कमर यांनी. अमीर हमजाच्या दास्तानीचे जे 46 खंड या छापखान्याने काढले, त्यांतलाच हा भाग. दास्तानीतला अमीर हमजा आणि उहुदच्या लढाईत (इ.स. 625) शहीद झालेले हजरत हमजा (रजि.) यांची मात्र गल्लत करू नये. दास्तान ही कल्पित कथा आहे, सीरत नव्हे.

होशरुबाचे तीन भाग आहेत : जाहिर, बातिन आणि जुलमात. दिसणारा, लपलेला आणि अंधाराचा. जाहिर आणि बातिन यांच्यामध्ये वाहत्या रक्ताची नदी आहे. या राज्याचा बादशहा अफरासियाब पडद्याआडून सारी सूत्रे हलवतो, हवे ते दाखवतो, हवे ते लपवतो. मराठीने यातला 'जाहीर' शब्द घेतला आणि रोजच्या वापरात आणला. त्याचा जोडीदार 'बातिन' मात्र उर्दूतच राहिला.

प्रत्येक तिलिस्माची एक लौह असते. लौह म्हणजे पाटी. तिलिस्म कसा बांधला आहे आणि तो कुठून उलगडेल, हे तिच्यावर लिहिलेले असते. जिच्यामुळे हा लपलेला थर हलतो असे दास्तानीतले खरे साधन हेच. अफरासियाब आपली लौह जिवापाड लपवतो आणि अमीर हमजाचा नातू असद याची सारी मोहीम ती मिळवण्यासाठी चालते. अमर अय्यारच्या जंबीलमध्ये अख्खी दुनिया मावते, पण तिलिस्म मोडायला जंबील पुरत नाही. तलवारही पुरत नाही. लौह हाती यावी लागते आणि ती वाचता यावी लागते.

सुधारणेच्या काळात आपल्याच बुजुर्गांनी या दास्तानींवर कडक टीका केली. नझीर अहमद यांच्या 'तौबतुन्नसूह' कादंबरीत नसूह आपल्या मुलाची पुस्तके जाळून टाकतो. टीकेमागची कळकळ खरी होती, पण त्या आगीत लौहची शिकवणही गेली असे आम्हाला वाटते. पुढे देवकीनंदन खत्री यांच्या 'चंद्रकांता' (1888) कादंबरीत तिलिस्म आणि अय्यार हिंदीत गेले. दूरदर्शनवरची 'चंद्रकांता' मालिका आपण 1994 साली घरोघर पाहिली. तेव्हा ते आपल्याच उर्दूचे धन आहे, हे कितीजणांच्या लक्षात आले?

आता आपल्या मुलखाकडे वळू. शिरड शहापूर आज हिंगोली जिल्ह्यात, औंढा नागनाथ तालुक्यात येते. 17 सप्टेंबर 1948 पर्यंत हा सारा भाग निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. या संस्थानाने उर्दू माध्यमाचे उस्मानिया विद्यापीठ उभारले आणि त्याच्यासाठी 1917 मध्ये दारुत्तर्जुमा म्हणजे अनुवाद विभाग काढला. पदार्थविज्ञान, रसायन, वैद्यक, गणित या विषयांची पुस्तके तेथे उर्दूत आली, हजारो परिभाषा घडल्या. उर्दू म्हणजे केवळ शेरोशायरी, हा समज किती अपुरा आहे, हे यावरून ध्यानात यावे. 1948 नंतर उस्मानियाचे माध्यम बदलले आणि ती परंपरा खंडित झाली. आमच्या हाती होती ती लौह आम्हीच पेटीत ठेवून दिली.

योगायोग पाहा. याच औंढा नागनाथ तालुक्यात 'लायगो-इंडिया' ही प्रयोगशाळा होत आहे. केंद्र सरकारने फेब्रुवारी 2016 मध्ये तिला तत्त्वतः मान्यता दिली आणि एप्रिल 2023 मध्ये 2,600 कोटी रुपयांच्या खर्चाला अंतिम मंजुरी दिली. पुण्याची 'आयुका' या कामात सहभागी आहे. काटकोनात दोन भुजा, प्रत्येक चार किलोमीटर लांब. त्यांतून लेसरचा किरण धावतो, टोकाच्या आरशांवरून परत येतो. गुरुत्वीय लहर येऊन गेली तर एक भुजा किंचित ताणली जाते, दुसरी आखडते. हा फरक प्रोटॉनच्या व्यासाच्या हजाराव्या भागाहूनही लहान असू शकतो. आईनस्टाईन यांनी 1916 मध्ये या लहरींचे भाकीत केले होते. 14 सप्टेंबर 2015 रोजी अमेरिकेतील लायगोने त्या प्रथम टिपल्या. सुमारे 130 कोटी वर्षांपूर्वी दोन कृष्णविवरे एकमेकांत मिसळली होती, त्याची ती खबर होती.

हाच खरा बातिन. अफरासियाबाचा तिलिस्म वास्तव वाकवतो. हे यंत्र काही वाकवत नाही. वास्तव आपोआप किती वाकले, तेवढेच ते वाचते. अल्लाहच्या कायनातीत जे लिहिलेले आहे, ते वाचण्याचे हे काम आहे.

असे असूनही आपल्यातले काही लोक अडचणीत सापडले की बातिन हलवून देणाऱ्या आमिलाच्या दारी जातात, फी मोजतात. दास्तानीतसुद्धा साहिरांचा बादशहा अफरासियाब हरणाऱ्या बाजूलाच असतो, हे त्यांना कुणी सांगत नाही. दुसरीकडे, उर्दू शाळेत शिकणाऱ्या मुलामुलींसाठी दहावीनंतर शास्त्राची वाट अरुंद होत जाते. ज्याला उर्दूत 'कशिश-ए-सक़्ल' म्हणतात, तेच मराठीत 'गुरुत्वाकर्षण', हा साधा दुवा वेळेवर न मिळाल्याने हुशार मूल वर्गात गप्प बसते आणि पुढे विषयच सोडते.

म्हणून उर्दू शाळांत शास्त्राचे प्रत्येक पारिभाषिक पद उर्दू, मराठी आणि इंग्रजी अशा तिन्ही भाषांत सोबतच शिकवले पाहिजे. त्याला सरकारी आदेशाची वाट पाहण्याची गरज नाही. उद्या औंढ्याच्या त्या भुजांपाशी कुणी सुरक्षा रक्षक म्हणून उभा राहील, कुणी सुतारकाम करील. ती कामे हलकी नाहीत. पण आत बसून लहरी वाचणाऱ्यांत आपल्या तालुक्याची एखादी मुलगी असावी, एवढी अपेक्षा आपण आजपासून धरायला हवी.