इंग्लशम : गाव सरले, चर्च उरले

इंग्लंडमध्ये विल्टशरच्या उत्तर टोकाला, लेचलेड या छोट्या बाजारगावाजवळ, थेम्स नदीच्या काठी इंग्लशम आहे. पुढे लंडनमधून वाहणारी थेम्स इथे अजून लहानशी असते. नावांची ये-जा साधारण इथपासूनच सुरू होते. काठच्या कुरणाला लागून सेंट जॉन द बाप्टिस्ट चर्च उभे आहे. त्याला मनोरा नाही. पश्चिमेकडच्या त्रिकोणी भिंतीच्या माथ्यावर दोन घंटांपुरती दगडी चौकट आहे, एवढेच. एकेकाळी या चर्चभोवती नांदते गाव होते. काळाच्या ओघात ते ओस पडले आणि गवताखालचे उंचवटे तेवढे राहिले. चर्च मात्र टिकले. ते कसे टिकले, हे समजून घेण्यासारखे आहे.

या जागेचा इतिहास नॉर्मन राजवटीच्याही आधी सुरू होतो. त्याचा पुरावा आतल्या भिंतीत बसवलेल्या एका शिल्पात आहे. मेरी बसलेली आहे, मांडीवर बाळ येशू आहे आणि वरून देवाचा हात खाली आला आहे. आकृत्या ठसठशीत आणि साध्या आहेत. वस्त्राच्या चुण्या मोजक्या रेषांत दाखवल्या आहेत. हे काम सॅक्सन काळातले. शिल्पावर सूर्यघड्याळाच्या खुणाही कोरलेल्या दिसतात, कारण अनेक वर्षे ही शिळा बाहेरच्या दक्षिण भिंतीत होती आणि तिच्यावर पडणाऱ्या सावलीवरून उपासनेची वेळ ठरत असे. एका पिढीने जिची भक्ती केली, तीच शिळा दुसऱ्या पिढीने घड्याळ म्हणून वापरली. दोघींच्याही खुणा आज शाबूत आहेत.

आजची वास्तू बहुतांशी १२०५ च्या सुमाराची आहे. त्या काळात राजा जॉनने इंग्लशमचे चर्च ब्यूली मठाच्या सिस्टर्शियन साधूंना दिले. तेव्हा बांधकामाची शैलीही बदलत होती. नॉर्मन जाडजूडपणा मागे पडत होता आणि निमुळत्या कमानींची गॉथिक पद्धत येत होती. इंग्लशमच्या खांबांच्या माथ्यावर कोरलेल्या पानांच्या नक्षीत हा संधिकाल वाचता येतो. मधला सभामंडप, त्याच्या दोन्ही बाजूंच्या पडव्या आणि पूर्वेला वेदीचा भाग, एवढाच या वास्तूचा पसारा. पुढच्या शतकांत पडव्यांच्या टोकांना लाकडी जाळीदार पडदे लागले आणि भिंती चित्रांनी भरल्या.

सोळाव्या शतकात राजा आठव्या हेन्रीने रोमच्या पोपशी नाते तोडले. १५३८ मध्ये ब्यूलीचा मठ बरखास्त झाला आणि गावोगावची चर्चे अँग्लिकन पंथाची झाली. संतांच्या चित्रांवर चुना फिरला. चित्राची जागा अक्षरांनी घेतली. बायबलमधल्या दहा आज्ञांचा फलक चर्चच्या पूर्वेकडे लावावा, असा नियम १६०४ मध्ये झाला. इंग्लशमच्या भिंतींवर हा सगळा प्रवास थरांनी साचलेला आहे. तेराव्या शतकापासून एकोणिसाव्या शतकापर्यंतचे रंगकाम इथे एकावर एक चढलेले दिसते. काही ठिकाणी तर सात-सात थर आहेत. पोपडा निघालेल्या जागी काळ्या अक्षरांच्या ओळीखालून लालसर मध्ययुगीन नक्षी डोकावते आणि तिच्यावर आणखी एका काळातली चौकट चढलेली असते. कोणताच मजकूर सलग वाचता येत नाही. पण गावाची श्रद्धा कशी बदलत गेली, हे एका हातभर भिंतीवर दिसते.

नव्या पंथात प्रवचनाला महत्त्व आले, तशी आतली मांडणी बदलली. सतराव्या-अठराव्या शतकात दारे असलेले, पेटीसारखे उंच लाकडी बाक बसवले गेले. घरटी एक बाक, असा प्रघात पडला. उपदेशकासाठी उंच व्यासपीठ आले आणि आवाज सगळीकडे पोहोचावा म्हणून त्यावर लाकडी छत बसले. इथल्या बाकांची उंची सारखी नाही, रेषाही सरळ नाहीत. गावच्या सुताराने मिळेल त्या लाकडात केलेले हे काम आहे.

एकोणिसाव्या शतकात इंग्लंडभर चर्चांच्या ‘पुनर्स्थापने’ची लाट आली. अमुक एक शतकाची शैली शुद्ध मानायची आणि बाकीचे काढून टाकायचे, अशी ती रीत. जुने गिलावे खरवडले गेले, पेटीबाक भंगारात गेले, झिजलेल्या कोरीव दगडांच्या जागी नवे घडवले गेले. इंग्लशमची वस्ती तोवर जेमतेम होती. असे काम काढायला लागणारा पैसा गावाकडे नव्हता. त्या गरिबीनेच चर्चचे जुनेपण राखले. पण छप्पर आणि भिंती खचत चालल्या होत्या.

अशा वेळी या चर्चला विल्यम मॉरिस भेटले. कवी, नक्षीकार आणि समाजवादी कार्यकर्ते असलेल्या मॉरिस यांनी १८७१ मध्ये जवळच्या केल्म्स्कॉटचे घर भाड्याने घेतले होते. पुनर्स्थापनेच्या नावाने चाललेली मोडतोड पाहून त्यांनी १८७७ मध्ये वास्तुतज्ज्ञ फिलिप वेब यांच्यासोबत प्राचीन वास्तूंच्या रक्षणासाठी संस्था काढली. तिचे सूत्र सोपे होते. गळके छप्पर वेळेवर दुरुस्त करा, खचणाऱ्या भिंतीला आधार द्या, पण जुन्याची नक्कल करून जुने पुसू नका. १८८८-८९ मध्ये हेच सूत्र इंग्लशममध्ये प्रत्यक्षात आले. मॉरिस यांनी पाठपुरावा केला, मदत मिळवली, वास्तुतज्ज्ञ जे. टी. मिकलथ्वेट यांनी काम पाहिले. वास्तू भक्कम झाली आणि गिलावा, बाक, चित्रांचे थर जागच्या जागी राहिले. मॉरिस यांच्या या धडपडीची आणि जिव्हाळ्याची नोंद करणारा फलक चर्चमध्ये आहे.

विसाव्या शतकात चर्चला येणारे आणखी घटले. खेडोपाडी चर्च मोठे आणि मंडळी चार, अशी अवस्था झाली. अशा वास्तूंसाठी १९६९ मध्ये एक निधी स्थापन झाला. आज तो ‘चर्चेस कॉन्झर्वेशन ट्रस्ट’ म्हणून ओळखला जातो. सरकार आणि चर्च ऑफ इंग्लंड दोघेही त्याला पैसा देतात, शिवाय लोकांच्या देणग्या असतात. १९७९ मध्ये इंग्लशमचे चर्च नियमित उपासनेसाठी अनावश्यक ठरले आणि पुढे ट्रस्टच्या ताब्यात आले. ट्रस्टकडे आज साडेतीनशेहून अधिक चर्चे आहेत. त्यांपैकी बहुतेक अजूनही पवित्र वास्तूच मानली जातात. प्रसंगी तिथे प्रार्थना होते. वापर थांबला म्हणून दार कायमचे बंद झाले नाही, ही या व्यवस्थेची मोठी जमेची बाजू.

या वाटचालीचा एक धागा आपल्यापर्यंत येतो. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचे महासंचालक जॉन मार्शल यांनी १९२३ मध्ये जतनाची नियमपुस्तिका प्रसिद्ध केली. तिच्यावर मॉरिस यांच्या संस्थेच्या विचाराची छाप आहे. संरक्षित स्मारकांना त्याचा लाभ झाला. पण महाराष्ट्राच्या गावागावांत संरक्षित यादीबाहेरची कितीतरी जुनी देवळे आहेत. भाविक प्रेमापोटी वर्गणी काढतात, आणि मग काळ्या पाषाणावर ऑइलपेंट चढतो, गाभाऱ्यात फरशा बसतात, वीरगळ सिमेंटमध्ये गाडले जातात. भक्तीत खोट नसते, पण शतकांची साक्ष त्यात कायमची पुसली जाते. गावच्या देवळाच्या कामाची पुढची बैठक बसेल, तेव्हा रंग आणि फरशी ठरवण्याआधी एकदा जाणकार माणसाला बोलावून वास्तू दाखवा. गळती थांबवा, पाया सांभाळा आणि दगडाला हात लावू नका.