नौशेऱ्याचे ब्रिगेडियर महंमद उस्मान

ब्रिगेडियर महंमद उस्मान यांचे नाव आपल्या समारंभांतून अनेकदा घेतले जाते आणि बहुधा एका वाक्यात आटोपले जाते : फाळणीच्या वेळी पाकिस्तानातून मोठ्या हुद्द्याचे आश्वासन आले असता ते गेले नाहीत. गोष्ट खरी आहे. परंतु तेवढ्यावरच थांबणे हा त्या सेनाधिकाऱ्यावर अन्याय होय, असे मला वाटते. निर्णय एका दिवसाचा असतो. त्यानंतर नौशेऱ्याच्या थंडीत त्यांनी जे केले ते सेनापतीचे काम होते, आणि आमच्या विद्यार्थ्यांना नेमके तेच माहीत नसते.

उस्मान यांचा जन्म १५ जुलै १९१२ रोजी आझमगड जिल्ह्यातील बीबीपूर येथे झाला. वडील बनारसचे कोतवाल. मुलाचे शिक्षणही बनारसलाच झाले. डेहराडूनची लष्करी अकादमी १९३२ साली निघाली, त्यामुळे इंग्लंडातील सँडहर्स्टला जाणे पुढे बंदच झाले. तेथे शिकलेल्या अखेरच्या थोड्या भारतीय तरुणांत उस्मान होते. १ फेब्रुवारी १९३४ रोजी ते अधिकारी झाले. पुढील वर्षी बलुच रेजिमेंटमध्ये नेमणूक, सरहद्दीवर मोहमंदांविरुद्धची मोहीम, मग क्वेट्ट्याचे स्टाफ कॉलेज आणि महायुद्धात ब्रह्मदेश, अशी पायरी पायरीने त्यांची वाटचाल झाली.

१९४७ साली सैन्याची वाटणी झाली आणि बलुच रेजिमेंट पाकिस्तानकडे गेली. बारा वर्षे ज्या पलटणीचे मीठ खाल्ले ती परकी झाली. सैनिकाला पलटण म्हणजे दुसरे घर. ते सोडणे किती जड गेले असेल याचा विचार आपण क्वचितच करतो. उस्मान यांच्याकडे पुढे पॅराशूट ब्रिगेड आली.

डिसेंबर १९४७ मध्ये ५० पॅराशूट ब्रिगेडची सूत्रे ब्रिगेडियर परांजपे यांच्याकडून त्यांनी घेतली, आणि नाताळच्या सुमारास झंगड हातचे गेले. मीरपूर आणि कोटलीकडून येणारे रस्ते तेथे मिळतात. झंगड गेल्यावर शत्रूला पूर्वेकडे नौशेरा समोरच दिसू लागला. गाव निर्वासितांनी भरलेले, भोवतालच्या टेकड्या शत्रूच्या ताब्यात आणि जवानांची मने खचलेली. झंगड परत घेईपर्यंत आपण खाटेवर झोपणार नाही, अशी प्रतिज्ञा करून ब्रिगेडियरसाहेब त्या थंडीत जमिनीवर चटई टाकून झोपू लागले.

विमानातून उडी घेण्याचे शिक्षण घेतलेली ही ब्रिगेड येथे मात्र पायीच लढली. तिच्यात मराठा लाइट इन्फंट्रीची तिसरी पॅराशूट बटालियन होती, हे महाराष्ट्रातील वाचकांनी अवश्य ध्यानात ठेवावे. नौशेऱ्याच्या ईशान्येला कोट नावाचे उंचावरचे ठाणे होते व तेथून सारा नौशेरा शत्रूच्या नजरेखाली राही. जनरल करिअप्पा यांनी पाहणीच्या वेळी उस्मान यांच्याकडे कोट भेट म्हणून मागितले, असे सांगतात. १ फेब्रुवारी १९४८ रोजी ते घेतले गेले. एका अंगाने मराठे चढले, दुसऱ्या अंगाने पंजाब रेजिमेंटचे जवान. गाव साफ झाले असे कळवले गेले, पण काही घरांत शत्रू दडून राहिला होता. त्याने उलट हल्ला केला, तेव्हा उस्मान यांनी हाती राखून ठेवलेल्या तुकड्या पुढे धाडल्या आणि ठाणे पुन्हा मिळवले. हाती काहीतरी राखून ठेवणे, ही त्यांची सवय पाच दिवसांनी पुन्हा उपयोगी पडली.

६ फेब्रुवारीच्या पहाटे हजारोंच्या संख्येने नौशेऱ्यावर हल्ला आला. तैनधारच्या एका चौकीत नाईक जदुनाथसिंग आणि त्यांचे मूठभर सोबती होते. त्यांनी एकामागून एक लाटा परतवल्या आणि अखेर जदुनाथसिंग एकटे पडून कामी आले. त्यांना मरणोत्तर परमवीरचक्र मिळाले. दरम्यान उस्मान यांनी धाडलेली राजपूत पॅराशूट बटालियनची कंपनी वेळेवर पोचली आणि तैनधार वाचले. त्या दिवशी आपले ३३ जवान पडले व १०२ जखमी झाले. शत्रूची हानी त्याच्या अनेक पटींनी अधिक होती. उस्मान यांच्या शिरावर पन्नास हजारांचे बक्षीस लागल्याचे सांगतात, ते या लढाईनंतरच.

मार्चमध्ये झंगडची पाळी आली. कूच करण्यापूर्वी काढलेल्या आज्ञापत्रात त्यांनी मेकॉलेच्या एका इंग्रजी कवितेच्या ओळी घातल्या होत्या. उत्तरेच्या डोंगरधारेवरून १९ इन्फंट्री ब्रिगेड आणि दक्षिणेकडून उस्मान यांची ब्रिगेड, असे दोन्हीकडून पुढे सरकत १८ मार्च १९४८ रोजी झंगड घेतले. मग गावातून एक बाज मागवली गेली आणि ब्रिगेडियरसाहेब त्या रात्री तिच्यावर झोपले.

मे महिन्यात पाकिस्तानचे नियमित सैन्य रणात उतरले आणि झंगडवर तोफांचा भडिमार सुरू झाला. ३ जुलैच्या सायंकाळी पंचवीस पौंडी तोफेचा गोळा ब्रिगेडच्या ठाण्यात पडला आणि उस्मान जागीच गेले. छत्तिसाव्या वाढदिवसाला बारा दिवस उरले होते. सरकारने मरणोत्तर महावीरचक्र दिले. दिल्लीच्या जामिया मिल्लियाजवळ दफन झाले, त्या वेळी पंतप्रधान नेहरू हजर होते. डिसेंबर २०२० मध्ये ही कबर फुटलेली आढळली आणि लष्कराने ती दुरुस्त केली.

उस्मान अविवाहित होते. पगारातला मोठा भाग ते गरीब मुलांचे पालनपोषण आणि शिक्षण यांसाठी देत. नौशेऱ्यातही पोरक्या मुलांची त्यांनी सोय लावली होती, आणि त्यांतली काही मुले लढाईत निरोप पोचवत असत.

त्यांच्या हाताखाली लढलेल्या मराठा बटालियनला १९५२ साली दुसरी पॅराशूट बटालियन हे नाव मिळाले, आणि पुढे ती विशेष दलांत गेली. झंगडला उस्मान जेथे पडले तेथे त्यांचे स्मारक आहे. ३ जुलैला जवान तेथे पुष्पचक्र वाहतात.